नादाचें विद्यापीठ आणि जासईचा धवला

कल्पित राज्यें आणि कल्पित विद्यापीठें रचण्याची हौस पाश्चात्त्य ग्रंथकारांस प्लेटोपासून आहे. पण अशा विद्यापीठांत नादाच्या अभ्यासाला स्वतंत्र वास्तु बांधून देणारा ग्रंथकार म्हटला म्हणजे आमच्या डोळ्यांपुढें फ्रान्सिस बेकन उभा राहतो. त्याच्या मृत्यूनंतर, 1626-27 च्या सुमारास, प्रसिद्ध झालेल्या ‘न्यू अ‍ॅटलांटिस’ या अपुऱ्या कथेंत एका बेटावर विद्वानांचें गृह आहे, आणि त्या गृहांत नादशाळा आहेत. तेथें सर्व प्रकारचे ध्वनि उत्पन्न करून दाखवितात. बारीक आवाज मोठा व मोठा आवाज बारीक करतात. पशुपक्ष्यांचे स्वर हुबेहूब काढतात. चमत्कारिक प्रतिध्वनि निर्माण करतात. नळ्यांतून आवाज दूरवर पोंचवितात. इतरांस ठाऊक नसलेले पाव स्वरहि तेथें आहेत. हें शेवटचें वाचून मराठी वाचकास थोडें हंसूं येईल. सांगलीच्या कृष्णाजी बल्लाळ देवलांनीं विसाव्या शतकाच्या आरंभीं बावीस श्रुति तारेवर मोजून पाहिल्या, आणि त्यासाठीं त्यांना बेट शोधावें लागलें नाहीं! (पाव स्वर आणि श्रुति एकच नव्हेत हें आम्ही जाणतों, पण सूक्ष्माची ओढ एकच.)

बेकनची यादी आज बहुतेक खरी झाली आहे. 1958 सालीं बी. बी. सी. नें नवे ध्वनि घडविण्याची कार्यशाळा काढली, तेव्हां तिच्या उभारणींत पुढाकार घेणाऱ्या डॅफ्नी ओरॅम यांनीं हाच उतारा तेथें लावून ठेवला होता. तेव्हां कल्पनेच्या धाडसाबद्दल बेकनला दोष देतां येत नाहीं. आमचा आक्षेप निराळा आहे. त्याच्या नादशाळांत ध्वनि काढणारे पुष्कळ आहेत. ध्वनीनें बांधला जाणारा एकहि मनुष्य नाहीं. तेथला कोणताहि आवाज ऐकून कोणाचें कांहीं बिघडत नाहीं कीं सुधरत नाहीं. आज एखादा कल्पक लेखक नाना सृष्टींतील नादांचा अभ्यास करणारें विद्यापीठ रचूं म्हणेल, तर त्याच्याहि हातून हेंच घडण्याचा संभव आहे. तो अपूर्व, कधीं न ऐकलेले ध्वनि गोळा करील, आणि अपूर्वता म्हणजेच दुसरी सृष्टि असें समजेल.

आमच्याकडील विचार या बाबतींत अधिक खोल गेला होता. तेराव्या शतकांत देवगिरीच्या यादवांच्या आश्रयास असलेल्या शार्ङ्गदेवानें ‘संगीतरत्नाकरां’त नादाचे आहत व अनाहत असे दोन भेद मानले. अनाहत नाद मुक्ति देतो, पण लोकांचें रंजन करीत नाहीं. म्हणून संगीताचा विषय आहत नाद, असा त्याचा अभिप्राय आहे. या विवेचनांत आम्हांला मोलाचें वाटतें तें एवढेंच कीं, नादाची जात येथें केवळ कानाला लागणाऱ्या वेगळेपणावर ठरत नाहीं. तो नाद ऐकणाऱ्याचें काय करतो यावर ठरते. ही कसोटी देवगिरीच्या पंडितसभेबाहेर किती टिकते, हें पाहण्यासाठीं वाचकानें आमच्याबरोबर कोंकणपट्टींत उतरावें.

उरण तालुक्यांतील जासई हें आगरी वस्तीचें गांव. भात आणि मीठ यांवर जगलेल्या या पट्ट्यांत लग्नें धवलारणीच्या कंठावर लागत आलीं. मांडव, हळद, पुढचे एकेक विधि. प्रत्येकाचा धवला निराळा, आणि तो म्हटला गेला म्हणजे तो विधि झाला. धवला हें विधीच्या वेळीं गावयाचें गाणें नव्हे; धवला हाच विधि. धवलारीण आहे तेथें पुरोहितावांचून अडत नसे. ती संस्कृत मंत्र म्हणत नाहीं. नवरानवरीला कळणाऱ्या त्यांच्याच बोलींत गाते. चाल संथ, थोड्या स्वरांत फिरणारी. केवळ संगीत म्हणून मोजूं गेल्यास हातीं फार थोडें लागेल. देवलांची तार येथें निरुपयोगी आहे. हाच धवला, हीच बाई, हीच चाल उद्यां एखाद्या महोत्सवाच्या व्यासपीठावर नेली तर एक मात्राहि बदलणार नाहीं. पण तेथें कोणाचें लग्न लागत नाहीं. दोन सृष्टींतील नाद म्हणतात तो हा. बेकनच्या यंत्रांस या दोन धवल्यांतील भेद कधींहि दाखवितां आला नसता.

आमच्या साहित्यविचारानेंहि हा भेद पुरता दाखविलेला नाहीं. महदंबेचे धवळे मराठीच्या अभ्यासक्रमांत मानाचें स्थान मिळवून आहेत. आद्य कवयित्री, जुनीं भाषारूपें, रुक्मिणीहरणाचें कथानक यांवर पानेंच्या पानें लिहिलीं गेलीं. परंतु ते धवळेहि तेराव्या शतकांत रिद्धपुरास गोविंदप्रभूंच्या विवाहप्रसंगानिमित्त म्हटले गेले होते, ही गोष्ट टीपेंत उरते. पोथींतला धवला काव्य, आणि उरण-पनवेलच्या मांडवांतला धवला लोकरूढि, अशी वांटणी कोणत्या न्यायानें झाली? एक लिहिला गेला आणि दुसरा लिहिला गेला नाहीं, याहून सबळ कारण आम्हांला दिसत नाहीं.

नुसतें टिपून ठेवल्यानेंहि काम भागत नाहीं. हेमा राईरकर व गी पॉइटव्हिन यांनीं पुण्यास राहून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. पुढें 1990 नंतरच्या दशकांत कित्येकींचे आवाजहि मुद्रित झाले. या संग्रहाची आम्हांला पटलेली गोष्ट त्याची संख्या नव्हे. ओवीशेजारीं गाणारीचें नांव आणि गांव आहे; ती कोण, कोणाची, कशी जगली हें आहे. जात्याची घरघर हा ओवीचा ताल. पिठाच्या गिरणीनें तो नेला, आणि संग्राहकांनीं निदान तो गेला हें लपविलें नाहीं.

धवल्यासाठीं एवढ्या तोलाचें काम होणें निकडीचें आहे, आणि तें जासईसारख्या गांवीं तर फारच. 1970 पासून नव्या मुंबईसाठीं या पट्ट्यांतील जमिनी जाऊं लागल्या. त्यांच्या मोबदल्यासाठीं जासईचेच दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालीं आंदोलन झालें, आणि 16 व 17 जानेवारी 1984 रोजीं गोळीबारांत पांच जण पडले. 1989 सालीं न्हावाशेवा बंदर सुरू झालें. 2024 च्या जानेवारींत मुंबईहून आलेला समुद्रपूल जवळच चिर्ले येथें उतरला. अवजड गाड्यांचा घरघराट आतां रात्रंदिवस आहे. धवल्यांतलें भात ज्या शेतांत पिकत होतें तें शेतच जेथें उरलें नाहीं, तेथें त्या शब्दांचा अर्थ नवरीला कोण सांगणार? धवलारणी वृद्ध होत चालल्या आहेत, आणि शिकाऊ मुली थोड्या.

हळदीच्या रात्रीं मांडवापुढें ‘डीजे’च्या भिंती उभ्या राहतात. गांवांत धवलारीण उरली असेल तर तिच्यासाठीं तें यंत्र कांहीं वेळ बंद ठेवावें लागतें. संशोधकानें मुद्रणाचें साधन घेऊन जावयाचें तर तें यंत्र बंद होण्याच्या आधींच पोंचावें, आणि तें कोणी, कोणाच्या सांगण्यावरून बंद केलें, हेंहि टिपून घ्यावें.