बर्लिनर, ॲलन
बर्लिनर, ॲलन : (१९५६–  ). कुटुंब व स्मृती या विषयांवरील आत्मपर चित्रपटांसाठी प्रसिद्ध असलेला अमेरिकन अनुबोधपटकार. न्यूयॉर्कमधील ब्रुक्लिन येथे जन्म. बिंगॅम्टन येथील न्यूयॉर्क राज्य विद्यापीठात त्याने चित्रपटकलेचे शिक्षण घेतले. इतरांनी टाकून दिलेली चित्रफीत, जुनी छायाचित्रे, पत्रे व ध्वनिमुद्रणे हे त्याच्या निर्मितीचे मुख्य साहित्य होय.

द फॅमिली अल्बम (१९८६) मध्ये त्याने अनोळखी कुटुंबांनी घरगुती कॅमेऱ्याने टिपलेली दृश्ये जन्मापासून मृत्यूपर्यंतच्या क्रमाने जुळविली. पडद्यावर वाढदिवस व विवाह दिसतात. त्यांवर योजलेल्या संभाषणांतून मात्र कलह व दुःखे ऐकू येतात. दृश्य व ध्वनी यांतील हा विरोध त्याच्या शैलीचा पाया ठरला. इंटिमेट स्ट्रेंजर (१९९१) मध्ये मातामह जोसेफ कासूतो याचे चरित्र आहे. ईजिप्तमध्ये वाढलेला हा कापूस-व्यापारी दुसऱ्या महायुद्धानंतर वर्षाचा बहुतेक काळ जपानमध्ये घालवी. जपानी सहकाऱ्यांना तो थोर वाटे, तर त्याच्या कुटुंबीयांना त्याची उणीव भासे. बर्लिनर या दोन्ही साक्षी समोरासमोर ठेवतो, निवाडा देत नाही. टंकलेखनयंत्राच्या आवाजाने या चित्रपटाच्या संकलनाला लय दिली आहे.

नोबडीज बिझ्‌नेस (१९९६) ही त्याची सर्वांत महत्त्वाची कृती मानता येईल. आपले आयुष्य सामान्य असून त्यावर चित्रपट काढण्याजोगे काही नाही, असे त्याचे वडील ऑस्कर हट्टाने सांगत राहतात. पुत्र तितक्याच हट्टाने पूर्वजांविषयी विचारत राहतो. मुष्टियुद्धाच्या जुन्या दृश्यांची योजना या संवादाला विनोदाची धार देते. तथापि वडिलांचा नकार हा केवळ विनोदाचा विषय नाही. पूर्वजांविषयीचे कुतूहल हे पुत्राचे असते आणि विस्मरणाचा हक्क पित्याचाही असू शकतो, हा पेच चित्रपट लपवीत नाही. वडिलांचा युक्तिवाद पुत्राच्या युक्तिवादाइतकाच सबळ राहू दिला आहे, यातच या कृतीची प्रामाणिकता आहे.

फर्स्ट कझिन वन्स रिमूव्हड (२०१२) मध्ये हाच पेच अधिक तीव्र होतो. आईचा चुलतभाऊ, कवी व अनुवादक एड्विन होनिग याला अल्झायमर रोगाने ग्रासले असताना बर्लिनरने अनेक वर्षे त्याचे चित्रण केले. पेसोआ व लोर्का यांना इंग्रजीत आणणाऱ्या या भाषाप्रभूची भाषाच ओसरत जाते. ज्याला कालची भेट आठवत नाही, त्याची संमती कितपत खरी मानावी, हा आक्षेप येथे टाळता येत नाही. मात्र होनिगचे कौटुंबिक दोष व दुरावे न झाकल्यामुळे चित्रपट करुणाजनक प्रदर्शन होण्यापासून वाचतो. शब्द निसटल्यावरही टिकणारी त्याची नादाची व लयीची जाण त्यात प्रत्ययास येते. या चित्रपटास ॲम्स्टरडॅम येथील आंतरराष्ट्रीय अनुबोधपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट दीर्घ अनुबोधपटाचा पुरस्कार लाभला (२०१२).

द स्वीटेस्ट साउंड (२००१) व वाइड अवेक (२००६) या चित्रपटांत तो अनुक्रमे स्वतःचे नाव आणि निद्रानाश यांकडे वळला. त्यांत चातुर्य आहे. परंतु प्रतिकार करणारी दुसरी व्यक्ती समोर नसल्याने ते काहीसे आत्ममग्न वाटतात. त्याच्या कलेला बळ येते ते कुटुंबातीलच कोणी त्याला नकार देतो तेव्हा.