जयंत नारळीकर आणि मतभेदाची रीत

मालेतल्या आजच्या व्याख्यानाचा विषय आहे डॉ. जयंत विष्णू नारळीकर. २० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचं निधन झालं. त्यानंतर मराठीत त्यांच्यावर भरपूर लिहून आलं आणि ते बहुतेक सगळं प्रेमाने लिहिलेलं होतं. आम्ही त्यातलं जमेल तेवढं वाचलं. दोन वाक्यं जवळजवळ प्रत्येक लेखात भेटली. एक, नारळीकरांनी महास्फोटाच्या सिद्धान्ताला आव्हान दिलं. दोन, त्यांनी विज्ञान घराघरांत नेलं.

पहिलं वाक्य 'आव्हान दिलं' इथे येऊन थांबतं. त्या आव्हानाचं पुढे काय झालं, हे फारसं कुणी सांगत नाही. जणू ते विचारणं म्हणजे सुतकात वाटणीचा विषय काढणं. आम्हाला वाटतं, हा प्रश्न विचारल्याशिवाय दुसऱ्या वाक्यालाही अर्थ येत नाही. म्हणून आज तोच विचारू.

आधी थोडा जीवनक्रम. जन्म १९ जुलै १९३८, कोल्हापूर. वडील विष्णू वासुदेव नारळीकर बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक, आई सुमती संस्कृतच्या जाणकार. शिक्षण बनारसला, मग केंब्रिज. तिथे १९५९ साली गणिताच्या ट्रायपॉसमध्ये पहिले, म्हणजे सीनियर रँग्लर. मग फ्रेड हॉईल यांच्या हाताखाली संशोधन. १९७२ साली परत भारतात, मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत. आणि १९८८पासून पुण्यात 'आयुका'चे संस्थापक संचालक, २००३पर्यंत. बनारस, केंब्रिज, मुंबई, पुणे. 'चार नगरांतले माझे विश्व' या आत्मचरित्राच्या नावातली नगरं हीच. या पुस्तकाला २०१४चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.

आता सिद्धान्ताकडे येऊ. १९४८ साली हॉईल, बाँडी आणि गोल्ड यांनी मांडलं, की विश्व प्रसरण पावतं हे खरं, पण त्याला सुरुवात नाही. दीर्घिका दूर जातात आणि मोकळ्या होणाऱ्या जागेत नवा पदार्थ हळूहळू निर्माण होतो, त्यामुळे विश्वाचं एकूण रूप बदलत नाही. ही 'स्थिर स्थिती'. गंमत अशी, की 'बिग बँग' हे नावही हॉईल यांनीच विरोधी मताला बीबीसी रेडिओवर बोलताना दिलेलं.

नारळीकर या वादात अगदी कोवळ्या वयात ओढले गेले. १९६१ साली केंब्रिजच्याच मार्टिन राईल यांनी आकाशातल्या रेडिओ स्रोतांची मोजणी मांडून जाहीर केलं, की स्थिर स्थिती टिकत नाही. दूरचे, म्हणजे जुने स्रोत अपेक्षेपेक्षा जास्त भरतात. रॉयल अ‍ॅस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या सभेत हॉईल यांच्या बाजूचं उत्तर मांडायला उभा राहिला तो संशोधनाला नुकताच लागलेला हा विद्यार्थी. उत्तर थोडक्यात असं: पदार्थ फार मोठ्या अंतरांवरही सारखा पसरलेला नसेल, तर असे आकडे येऊ शकतात. दीर्घिकांचे महासमूह पुढे खरोखरच सापडले. पण मोजणीचा निकाल काही स्थिर स्थितीच्या बाजूने लागला नाही.

१९६४ साली हॉईल-नारळीकर गुरुत्वाकर्षण सिद्धान्त आला. वस्तूचं वस्तुमान ही तिची एकटीची मिरास नाही, विश्वातल्या बाकी सगळ्या पदार्थामुळे ते ठरतं, ही माख यांची जुनी कल्पना त्यात गणितात बसवली होती. भारतात वर्तमानपत्रांनी जल्लोष केला, १९६५ साली सव्विसाव्या वर्षी पद्मभूषण मिळालं. त्याच वेळी स्टीफन हॉकिंग नावाचा एक तरुण केंब्रिजमध्ये होता. त्याने आक्षेप घेतला, की प्रसरण पावणाऱ्या विश्वात या सिद्धान्तातली एक बेरीज अनंत होते. मग १९६५ सालीच पेंझियस आणि विल्सन यांना आकाशाच्या प्रत्येक दिशेकडून येणारं, सुमारे तीन केल्विन तापमानाचं मायक्रोवेव्ह प्रारण सापडलं. तप्त सुरुवातीची ही उरलेली धग, असं बहुतेकांनी मानलं, आणि स्थिर स्थितीचा पक्ष रिकामा होत गेला.

नारळीकर मात्र सरळ त्या पक्षात जाऊन बसले नाहीत. १९९३ साली हॉईल आणि जेफ्री बर्बिज यांच्यासह त्यांनी सुधारित मांडणी केली. एक मोठा स्फोट नाही, पदार्थ निर्माण करणाऱ्या अनेक लहान घटना. विश्व दीर्घ काळात वाढतं, पण वाढताना आकुंचन-प्रसरणाची चक्रं घेतं. आणि ते मायक्रोवेव्ह प्रारण? आधीच्या चक्रांतल्या ताऱ्यांचा प्रकाश अवकाशातल्या लोखंडाच्या सूक्ष्म सुयांनी शोषून पुन्हा बाहेर टाकलेला.

इथे टीकाकाराने स्पष्ट बोलायला हवं. पार्श्वभूमीच्या या प्रारणात दिशेगणिक तापमानाचे अत्यंत सूक्ष्म चढउतार आहेत. त्यांचा नकाशा या शतकाच्या सुरुवातीला बारकाईने काढला गेला, आणि महास्फोटाच्या चित्रात तो जसा बसला तसा या मांडणीत बसला नाही. नारळीकरांनी तो बसवायचा प्रयत्न केला. पण प्रत्येक नव्या निरीक्षणासाठी नवा टेकू द्यावा लागला, की घर उभं दिसतं आणि भरवसा कमी होतो. यावर त्यांचं उत्तर ठरलेलं असे: तुमच्याकडेही न दिसलेलं कृष्णद्रव्य आहे, कृष्णऊर्जा आहे, ते टेकू नाहीत का? उत्तर बिनतोड नाही, पण पोकळही नाही. शिवाय आपली मांडणी कशाने तपासता येईल हे त्यांनी सांगून ठेवलं होतं. जुन्या चक्रांतले, चौदा अब्ज वर्षांहून जुने तारे सापडायला हवेत. तसे निर्विवाद तारे सापडलेले नाहीत. तेव्हा हिशेब असा, की या वादात नारळीकरांची बाजू हरली. हे मराठीत सरळ लिहायला आपण का कचरतो?

कचरतो, कारण मोठा माणूस बरोबरच असला पाहिजे अशी आपली समजूत आहे. म्हणून कुणी 'आइन्स्टाइनच्या पुढे गेलेला मराठी माणूस' म्हणतं, कुणी 'पाश्चात्त्यांनी दाबलेला सिद्धान्त' म्हणतं. दोन्ही वाक्यांत नारळीकर नाहीत, आपला अभिमान तेवढा आहे.

त्यांचं मोठेपण कुठे शोधायचं, याचा पत्ता पुण्यातच आहे. विद्यापीठाच्या आवारातल्या चार्ल्स कोरिया यांनी उभारलेल्या त्या वास्तूत जा. ज्याने आयुष्यभर एक अल्पमत धरलं, त्याच्या हातात एक नवी कोरी राष्ट्रीय संस्था आली. आपल्या मताची माणसं भरून तिचा मठ करणं सोपं होतं. देशात अशी उदाहरणं कमी नाहीत. आयुकात काय झालं? थाणु पद्मनाभन आले, वरुण साहनी आले, आणि त्यांनी महास्फोटाच्या चौकटीतलं विश्वरचनाशास्त्र केलं. संजीव धुरंधर यांनी गुरुत्वीय लहरी ओळखायच्या पद्धतींवर काम केलं. तरुण सौरदीप यांनी तर त्याच मायक्रोवेव्ह प्रारणावर संशोधन केलं, जे नारळीकरांच्या मताविरुद्धचा सर्वांत मोठा पुरावा होता. घरमालकाच्या मताविरुद्धचा पुरावा घरमालकाच्याच माडीवर मोजला जात होता, आणि त्यावरून कुणाला घर सोडावं लागलं नाही. आमच्या मते नारळीकरांची सर्वांत मोठी निर्मिती ही आहे. तिला समीकरण नाही, म्हणून ती श्रद्धांजलीच्या लेखांत सापडत नाही.

आता लेखक नारळीकर. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत 'कृष्णविवर' ही कथा त्यांनी नारायण विनायक जगताप या नावाने पाठवली. स्वतःची आद्याक्षरं उलटी केली, म्हणजे परीक्षकांना नावाचा दबाव नको. पहिलं बक्षीस मिळालं. नाव झाकून निकाल मागायचा, ही सवय इथेही दिसते.

कथाकार म्हणून त्यांच्या मर्यादा उघड आहेत. पात्रं पुष्कळदा फळ्याजवळ उभी राहून बोलल्यासारखी बोलतात. एकाने विचारायचं, दुसऱ्याने समजावायचं. माणसांच्या मनातले तिढे त्यांना फारसे खेचत नाहीत. स्त्रिया बऱ्याच कथांत कडेला राहतात. 'धूमकेतू'मध्ये शास्त्रज्ञ धूमकेतूची वाट वळवतात आणि घरी शांतियज्ञ होतो. यज्ञाच्या बाजूचं माणूस थोडं अधिक समजून घेतलं असतं, तर कथेला आणखी धार आली असती.

पण 'गंगाधरपंतांचे पानिपत' घ्या. पुण्याचे इतिहासकार गंगाधरपंत गायतोंडे अशा जगात जाऊन पडतात, जिथे १७६१ साली पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागली नाही आणि मराठे जिंकले. मराठी वाचकाला यापेक्षा गोड स्वप्न कोणतं दाखवणार? दुसरा लेखक तिथेच रमला असता. नारळीकर त्यांना ग्रंथालयात बसवतात. इतिहासाची वाट नेमकी कोणत्या पानावर वेगळी झाली ते शोधायला लावतात. परत आल्यावर मित्र राजेंद्र देशपांडे आधी म्हणतो, हे सगळं तुमच्या मनाचे खेळ. मग खिशातून बखरीचं फाटकं पान निघतं आणि तो आपलं मत पुन्हा तपासतो. कथेचा कणा हा एवढाच, आणि तो भक्कम आहे. त्यात एक टोमणाही आहे. त्या दुसऱ्या जगात व्याख्यानाला अध्यक्ष ठेवायची प्रथा लोकांनी मोडीत काढलेली असते, आणि रिकामी खुर्ची पाहून पंत सवयीने तिथे चढतात. मग लोक त्यांना जे देतात, ते हार नसतात. १८७५पासून वसंत व्याख्यानमाला चालवणाऱ्या शहराने हे हसत वाचलं, यात शहराचंही कौतुक आहे.

शेवटचा मुद्दा फलज्योतिषाचा. नुसतं 'थोतांड' म्हणून टाळ्या घेता आल्या असत्या. त्याऐवजी २००८ साली नारळीकर, संख्याशास्त्रज्ञ सुधाकर कुंटे, नरेंद्र दाभोलकर आणि प्रकाश घाटपांडे यांनी चाचणी घेतली. शंभर हुशार मुलं, शंभर मतिमंद मुलं, दोनशे कुंडल्या. प्रत्येक ज्योतिषाला चाळीस. कुठली कुंडली कोणत्या गटातली ते सांगायचं. सत्तावीस जणांनी उत्तरं पाठवली, सरासरी बरोबर ४६ टक्के. नाणं उडवलं असतं तरी साधारण तेवढंच आलं असतं. याने किती जणांनी पत्रिका बघणं सोडलं? फार नसावेत. चाचणीने श्रद्धा मोडते असा आमचा दावा नाही. पण विरोधकाला आधी अटी सांगायच्या, मग मोजायचं आणि आकडे छापायचे, ही रीत तिने दाखवली. दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी याच शहरात खून झाला. मतभेदाची दुसरी रीत कोणती असते हे पुण्याला ठाऊक आहे, म्हणून पहिलीची किंमत इथे जास्त कळायला हवी.

स्वाक्षरी मागणाऱ्या मुलांना नारळीकर सांगत, पोस्टकार्डावर विज्ञानातला प्रश्न लिहून पाठव, उत्तराखाली माझी सही असेल. आज त्यांचा फोटो वर्गात लावणं सोपं झालं आहे. त्या फोटोखाली उभं राहून एखाद्या मुलीने विचारलं, 'सर, यांचा सिद्धान्त चुकला होता का?', तर वर्गातल्या गुरुजींनी काय करावं? आमच्या मते त्यांनी 'बहुधा हो' म्हणावं आणि का ते फळ्यावर काढून दाखवावं. तिला गप्प बसवलं, तर फोटो उतरवलेला बरा.

आम्ही इथे थांबतो. या मांडणीवर आक्षेप असतील तर ते आधी घेऊ, कौतुक नंतर.