पलंगाची मोहीम : वगातील शृंगारिक विडंबन

राजकन्येने अशक्यप्राय वस्तू मागावी आणि ती मिळविण्यासाठी वीराने प्राण पणाला लावावेत, हे मौखिक साहसकथेचे जुने कथासूत्र आहे. वसंत सबनीस यांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ (१९६५) या लोकनाट्याची घडण याच सूत्रावर उभी आहे. पूर्वी ‘छपरी पलंगाचा वग’ म्हणून ओळखल्या गेलेल्या या संहितेकडे मात्र समीक्षेने बहुधा राजकीय उपहास म्हणूनच पाहिले. येथे मागणारी मैनावती ही नाचणारी स्त्री आहे, वीराच्या जागी वशिल्याने पद मिळविलेला कामातुर कोतवाल आहे आणि मोहिमेचे लक्ष्य आहे राजाचा पलंग. साहसकथा फूल, मोती, पक्षी अशा वस्तूंच्या आड जी वासना झाकून ठेवते, ती पलंग उघडी करतो. ‘इच्छे’ची ‘विच्छा’ होते तेथेच, म्हणजे उच्चारातच, विडंबनाला प्रारंभ झालेला असतो.

शृंगारातून हास्य उद्भवते आणि शृंगाराची अनुकृती म्हणजे हास्य, हे भरताचे प्रतिपादन येथे नेमके लागू पडते. बाख्तिनचा राब्लेवरील ग्रंथही १९६५ मध्येच प्रसिद्ध झाला, हा योगायोग. पण त्याच्या ‘कार्निव्हल’ची कल्पना वगाला सरसकट चिकटविणे घाईचे ठरेल. कार्निव्हलमध्ये प्रेक्षक नसतो, वगाला तो हवाच असतो.

या नाट्याचे शेकडो प्रयोग झाले आणि तेच प्रेक्षक पुन्हा पुन्हा येत राहिले, याचे कारण कथानकात शोधून सापडणार नाही. कथानक तर सर्वांना पाठ असते. दादा कोंडके यांचा हवालदार द्व्यर्थी वाक्य अर्ध्यावर सोडून निरागस चेहऱ्याने थांबे. उरलेला, ‘अश्लील’ अर्थ प्रेक्षकाच्या मनात पूर्ण होई आणि त्याचे उत्तरदायित्वही प्रेक्षकावरच पडे. शेजारचा हसला की आपणही पकडले गेलो, ही सामूहिक अपराधाची गंमत म्हणजेच या भक्तिभावाचे मूळ होय. रनाळ्यासारख्या खानदेशी गावातल्या यात्रेकरूला ही रीत नवी नव्हे. नवी होती ती शहरी नाट्यगृहातल्या मध्यमवर्गाला. तमाशाला जाण्याचा संकोच वाटणाऱ्या या वर्गाला ‘लोकनाट्य’ या प्रतिष्ठित नावाखाली तोच आस्वाद घेता आला.

मात्र हे विडंबन किती दूर जाते? राजा, प्रधान, कोतवाल सारे हास्यास्पद होतात. मैनावतीची विच्छा मात्र तिची स्वतःची नसते. पलंग तिला हवा असतो तो हवालदाराला कोतवाली मिळावी म्हणून. साहसकथेतील राजकन्या विजयाचे पारितोषिक होती, मैनावती विजयाचे साधन आहे. शीर्षकातील ‘माझी’ हे सर्वनाम तिच्या मुखी असूनही अखेरीस पुरी होते ती हवालदाराची विच्छा.