प्रभावळकर, दिलीप
(४ ऑगस्ट १९४४ – ). रंगभूमी, चित्रपट व दूरचित्रवाणी या तिन्ही माध्यमांतील मराठी चरित्र अभिनेते व विनोदी लेखक. चिं. वि. जोशी यांच्या कथांवरील दूरदर्शन मालिकेतील चिमणरावाच्या भूमिकेने ते घरोघरी पोहोचले. स्वतः लिहिलेल्या ‘हसवाफसवी’ या नाटकात त्यांनी सहा भूमिका केल्या. त्यामुळे वेषांतरकुशल विनोदी नट अशी त्यांची ख्याती झाली. ती यथार्थ असली, तरी अपुरी आहे. बाह्य साधने जेथे निरुपयोगी ठरतात, तेथेच त्यांच्या अभिनयाचा खरा कस लागला. जयवंत दळवी यांच्या ‘नातीगोती’ नाटकात मतिमंद मुलाच्या पित्याची घुसमट त्यांनी संयमाने व्यक्त केली. ‘चौकट राजा’ (१९९१) या चित्रपटात तर लहानपणच्या अपघाताने बुद्धीची वाढ खुंटलेला नंदू त्यांनीच साकारला. एकाच दुःखाच्या दोन्ही बाजू एका नटाच्या वाट्याला येणे विरळाच. नंदूच्या भूमिकेत करुणेचा अतिरेक होण्याचा धोका होता. त्याचा निरागस खोडकरपणा जपल्याने तो बव्हंशी टळला. ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) मधील गांधीजी रंगभूषेपेक्षा संथ वाणीमुळे व मिस्कील नजरेमुळे पटतात. ही भूमिका आणि ‘शेवरी’ यांसाठी त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला. त्यांच्याच ‘अनुदिनी’वर आधारलेल्या ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ या मालिकेत आबांच्या बोलण्याइतकाच विनोद त्यांच्या ऐकून घेण्यातही आहे.