बोलीचा हेल आणि उपहासाची दृष्टी

दूरचित्रवाणीवरील मराठी प्रहसनांचा विचार विनोदाच्या लक्ष्यापाशी थांबतो. तो कोणाच्या दृष्टीतून घडतो, हा प्रश्न सहसा उपस्थित होत नाही. २०१४ मध्ये ‘झी मराठी’वर सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’ने थुकरटवाडी हे कल्पित गाव उभे केले; २०१८ मध्ये ‘सोनी मराठी’वर ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’ आली. भारत गणेशपुरे यांच्या वऱ्हाडीसारख्या बोली घरोघरी पोचल्या, हे या परंपरेचे श्रेय निर्विवाद आहे. तथापि बोली ऐकू येणे म्हणजे बोलीला दृष्टी लाभणे नव्हे. पुष्कळ प्रहसनांत आधुनिक व्यवहार जसाच्या तसा सुरक्षित राहतो आणि त्यापुढे गोंधळलेला बोलीभाषक तेवढा हास्यास्पद ठरतो.

या संदर्भात जळगावचे एक जुने उदाहरण उद्बोधक आहे. बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांनी जळगावातील छापखान्यावर कविता रचली. निरक्षर शेतकरी स्त्री यंत्रासमोर उभी आहे. प्रहसनकाराला येथे आयतेच पात्र मिळाले असते. कवितेत मात्र उलट घडते. यंत्राच्या आवाजाचे कौतुक करता करता ती म्हणते की, कोरा कागद छापून शहाणा होतो, माणूस मात्र येडजाणाच राहतो. सजीवावर चढलेल्या यांत्रिकतेत बर्गसाँने हास्याचे मूळ पाहिले होते. येथे ती यांत्रिकता सुशिक्षितांत सापडते आणि ती हेरणारी नजर लेवा गणबोलीची आहे.

‘चला हवा येऊ द्या’मध्ये अशी नजर अगदीच नव्हती असे नाही. अरविंद जगताप यांनी लिहिलेली आणि सागर कारंडे यांनी पोस्टमनच्या भूमिकेत वाचलेली पत्रे गावाच्या बाजूने व्यवस्थेला प्रश्न विचारीत. परंतु त्या वेळी हशा थांबे, डोळे पाणावत. म्हणजे गावाची दृष्टी करुणेच्या कप्प्यात आणि गावाची भाषा विनोदाच्या कप्प्यात, अशी विभागणी झाली. बहिणाबाईंच्या कवितेत हे दोन कप्पे नाहीत. तिथे हसू हाच प्रश्न आहे.

म्हणून धुळ्याची अहिराणी वा जळगावची लेवा गणबोली पडद्यावर किती वेळ ऐकू आली, याची मोजदाद पुरेशी नाही. त्या बोलीतून शहराकडे पाहून कोणी हसले काय, हे तपासायला हवे. त्याखेरीज उपहास आणि टवाळी यांतील सीमारेषा आखता येणार नाही.