प्रश्नकर्ता आणि शाहीर : आनंद पटवर्धन यांचे अनुबोधपट

आनंद पटवर्धन यांना ‘राष्ट्रविरोधी’ ठरवणारे आणि ‘निर्भीड’ म्हणून त्यांचा गौरव करणारे, दोघेही त्यांच्या अनुबोधपटांकडे भूमिकेचे निवेदन म्हणूनच पाहतात. रूपबंधाचा विचार त्यात मागे पडतो. वस्तुतः राष्ट्र कोणाचे, हा प्रश्न या अनुबोधपटांत कोण विचारतो आणि उत्तराचा अधिकार कोणाला मिळतो, यावरच त्यांचे बलाबल ठरते.

‘हमारा शहर’मध्ये (१९८५) मुंबईतील एक बेघर स्त्री कॅमेऱ्यामागच्या माणसालाच जाब विचारते. या चित्रणाने आमचे काय भले होणार, असा तिचा रोख आहे. पटवर्धन यांनी हा प्रसंग संकलनात गाळला नाही. प्रश्नकर्त्यालाच येथे प्रश्न विचारला जातो.

‘जंग और अमन’मध्ये (२००२) ही अस्वस्थता ओसरते. मे १९९८च्या अणुचाचण्यांनंतर दोन्ही देशांत उसळलेला उन्माद हा त्याचा विषय. परिनिरीक्षण मंडळाने काटछाट सुचवली. मुंबई उच्च न्यायालयाच्या २००३च्या निर्णयामुळे ती टळली. परंतु गांधीहत्येपासून आरंभ करणारा, स्वातंत्र्यलढ्यातील कुटुंबाचा वारसा सांगणारा प्रथमपुरुषी निवेदक नैतिकदृष्ट्या फार सुरक्षित आहे. आक्रमक राष्ट्रवादाला तो विरोध करतो तो एका अधिक उदार राष्ट्राच्या वारसाहक्काने; त्या राष्ट्राची परीक्षा फारशी होत नाही. लाहोरच्या शाळकरी मुली मात्र अपवाद ठरतात. वक्तृत्वात बॉम्बचा पुरस्कार केल्यावर, साध्या प्रश्नासरशी त्या अडखळतात, हसतात. राष्ट्राभिमान पाठ केलेला असतो, हे तेथे निवेदनावाचून कळते.

‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) या दृष्टीने सर्वांत समृद्ध कृती होय. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जणांचा बळी गेला. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. ‘हमारा शहर’मध्ये गाणारा आवाज तो हाच. वर्गलढ्याची गाणी गाणाऱ्या, पण आपल्याच डाव्या गटापासून तुटलेल्या या कवीने अखेरच्या क्षणी डोक्याला निळे कापड बांधले होते. त्या निळ्या कापडाचा अन्वय लावण्यात पटवर्धन यांची चौदा वर्षे गेली. येथे निवेदक मागे सरतो आणि त्याची जागा गाणे घेते : जलसा, वस्तीतले गायन, संभाजी भगत, कबीर कला मंच. (मराठी वाङ्मयेतिहासात शाहिरीचे प्रकरण बहुधा पेशवाईबरोबर मिटते, फार तर संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीपर्यंत येते. त्या इतिहासाच्या अभ्यासकाने हा अनुबोधपट संहिता म्हणून वाचावा.) राष्ट्राची चिकित्सा येथे वारसदार करत नाहीत, ज्यांना वाटणीच मिळाली नाही, ते करतात. डाव्या चळवळीने जातीविषयी बाळगलेले मौनही त्या चिकित्सेतून सुटत नाही.

‘वसुधैव कुटुंबकम्’मध्ये (२०२३) पटवर्धन स्वतःच्या घराकडे वळतात : रावसाहेब व अच्युत हे स्वातंत्र्यसैनिक काका, सिंधमधील हैदराबादेत जन्मलेल्या कुंभकलावंत आई निर्मला, फाळणीने पलीकडे गेलेले त्यांचे माहेर. सीमारेषा घरातूनच जाते, हे येथे हळुवारपणे उमगते. तथापि १९८५मधल्या त्या स्त्रीने विचारला तसा प्रश्न या घराला कोणी विचारत नाही.