'गंगाधरपंतांचे पानिपत' : काळाला फुटलेला फाटा

मराठी विज्ञानकथेचा विषय निघाला की डॉ. जयंत नारळीकरांचे नाव प्रथम येते. 2025 साली ते आपल्यातून गेले. त्यांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आम्हाला केवळ विज्ञानकथा म्हणून वाचता येत नाही. पानिपत हा शब्द निघाला की मराठी मुसलमानासमोर एक प्रश्न न विचारताच उभा राहतो : त्या दिवशी तुमची माणसे कोणत्या बाजूला होती?

कथा थोडक्यात अशी. गंगाधरपंत हे इतिहासाचे प्राध्यापक. एका अपघातानंतर ते वेगळ्याच मुंबईत जाऊन पडतात. तिथे ईस्ट इंडिया कंपनी अजून नांदते आहे. पंत ग्रंथालय गाठतात आणि बखरीत वाचतात की, विश्वासरावांना लागायची ती गोळी तीळभर अंतराने कानाजवळून निघून गेली. मराठे पानिपत जिंकले आणि पुढचा सारा इतिहास बदलला. पंत परत येतात तेव्हा बखरीचे एक फाटलेले पान त्यांच्या खिशात असते.

याचा उलगडा लेखक दोन आधारांवर करतो. एक, रेने थॉम यांची कॅटास्ट्रॉफी थिअरी : कारण किंचित बदलते आणि परिणाम एकदम उडी घेतो. दुसरा, पुंजवाद : इलेक्ट्रॉन नेमका कुठे जाईल हे आधी सांगता येत नाही, केवळ शक्यता सांगता येते. प्रत्येक शक्यता आपापल्या जगात खरी होत असावी, असा विचार ह्यू एव्हरेट यांनी 1957 साली मांडला होता. इथपर्यंत शास्त्र आहे. माणूस एका जगातून दुसऱ्या जगात जाऊन येतो, ही लेखकाची कल्पना. अपघाताच्या क्षणी पंतांच्या डोक्यात हीच थिअरी घोळत होती म्हणून ते तिकडे गेले, हे स्पष्टीकरण आम्हाला कथेतला सर्वांत कच्चा दुवा वाटतो. शास्त्रीय उपपत्ती मांडता मांडता लेखक इथे योगायोगावर भागवतो.

तरीही या काल्पनिक उपपत्तीने एक मोठे काम केले आहे. 14 जानेवारी 1761 चा निकाल तीळभर अंतरावर टांगलेला होता, हे एकदा मान्य केले की अमुक जमात जिंकणारच होती आणि तमुक हरणारच होती, ही भाषा गळून पडते. जय-पराजय रक्तात किंवा धर्मात नसतो. आणखी एक गोष्ट वाचकांनी लक्षात घ्यावी. कथेतल्या विजयी पेशव्यांनी दिल्लीची बादशाही मोडली नाही. सत्ता पुण्याकडे आली, पण तख्त नावापुरते राहिले आणि पुढे लोकशाही आली तेव्हाही ते टिकले. विजयाचे स्वप्न रंगवताना हरलेल्याला पुसून टाकायचे नाही, ही सभ्यता आज दुर्मीळ आहे. त्यात विनोदही आहे. 999 सभांचे अध्यक्षपद भूषवलेले पंत तिथे रिकामी खुर्ची पाहून व्यासपीठावर चढतात आणि ज्या लोकांनी अध्यक्ष ही प्रथाच बंद केली आहे त्यांचा मार खातात! आपल्या संमेलनांनी हा भाग जरूर वाचावा.

आमची तक्रार वेगळी आहे. कथेचा सगळा भार विश्वासरावांवर, म्हणजे एका राजपुत्रावर आहे. गोळी चुकू शकते, तर इतरांच्या वाट्यालाही तो तीळ यायला हवा. मराठ्यांचा तोफखाना आणि कवायती पायदळ इब्राहिमखान गारदी यांच्या हाती होते. पराभवानंतर ते पकडले गेले आणि मारले गेले. दुसऱ्या फाट्यावर त्यांचे काय झाले असते? जिंकलेल्या पुण्यात त्यांच्या नावाचा चौक झाला असता काय? उलट बाजूला अवधच्या शुजाउद्दौल्याच्या फौजेत गोसावी लढत होते, आणि त्याच्याच पदरी असलेल्या काशीराज पंडित या दक्षिणी ब्राह्मणाने या लढाईचा डोळ्यांनी पाहिलेला वृत्तान्त फारसीत लिहिला. मराठ्यांचा तोफखाना एका खानाकडे आणि अब्दालीच्या गोटातला वृत्तान्त एका पंडिताचा, असे हे पानिपत आहे.

उर्दू शाळेत हा धडा शिकवताना मुले विचारतात, 'सर, यात आपले कोण?' आम्ही फळ्यावर इब्राहिमखान आणि काशीराज ही दोन नावे लिहितो. मुले थोडी गोंधळतात. तो गोंधळ आम्हाला हवाच असतो.

नारळीकरांनी इतिहासाला एक फाटा फोडून दाखवला. त्यासाठी त्यांना एक जग नवे रचावे लागले. आमच्या गारद्यासाठी मात्र जे जग घडून गेले तेच पुन्हा नीट वाचले तरी पुरे. ती कथा आपल्यापैकी कुणी तरी लिहायची राहिली आहे.